दूध नाकातून येत होतं

माझं दूध नासकं नव्हतं. आज मी हे कुणाच्याही तोंडावर सांगते. सात वर्षांपूर्वी सांगितलं तेव्हा घरात कुणी ऐकलं नाही, म्हणून सगळ्यात आधी तेच लिहिते.

लिहायला बसले त्याला कारण झालं. मागच्या बाजाराला अर्जुनीला गेले होते. भाजीवाल्यांच्या ओळीत एक बाई लेकरू पदराखाली घेऊन बसली होती. असेल वीस-बावीस दिवसांचं. त्याच्या नाकाशी दूध सुकून पांढरी पापडी धरली होती. ते ओढत होतं, थांबत होतं, परत ओढत होतं. ओढताना टकटक असा बारीक आवाज येत होता. तो आवाज मी हजार माणसांत ओळखीन. मी तिथंच खाली बसले आणि तिला सांगायला लागले. पण बाजारात किती सांगणार? तिची सासू उठली आणि तिला घेऊन गेली.

तेव्हा जे सांगायचं राहिलं ते इथं लिहिते. मी कौसल्या. डॉक्टर नाही, नर्स नाही. सातवी पास आहे, एवढंच. पण एक लेकरू गमावलं आहे आणि एक जगवलं आहे.

गोपाळ

माझं सासर अर्जुनी मोरगावपासून चार मैलांवर, तलावाखालच्या धानाच्या गावात. पहिला मुलगा झाला, गोपाळ. दिसायला देखणा. ओठ, नाक, डोळे, कुठंच काही कमी नव्हतं. पण अंगावर घेतला की अर्धा-पाऊण तास ओढायचा आणि उपाशीच राहायचा. दूध नाकातून यायचं, ठसका लागायचा. माझी छाती दगडासारखी घट्ट, आणि त्याचं पोट रिकामं.

गावची सुईण भागाबाई म्हणाली, टाळू पडली. लेकराच्या डोक्यावर जी मऊ जागा असते ती खोल गेली होती, हे खरंच होतं. तिनं भिजवलेल्या उडदाची चटणी डोक्यावर थापली, वर तेल घातलं. ती जागा खोल जाते ती अंगात पाणी कमी झाल्यावर, हे मला फार पुढं कळलं. एकविसाव्या दिवशी गोपाळ गेला. आत्याबाईंच्या मांडीवर गेला. सासूला मी आत्याबाई म्हणते. मी तेव्हा अंघोळीला गेले होते.

त्यानंतर घरात कुणी मला रागावलं नाही. फक्त माझ्याबद्दल बोलताना 'तिचं दूध' असा शब्द यायला लागला. विहिरीवर बायका म्हणायच्या, "दूध धारलं नाई तिचं." म्हणजे लेकराला लाभलं नाही. जसं काही मी ते कुठून उसनं आणलं होतं.

मुंगी

दीड वर्षानं यमुना झाली, आमची यमी. हलक्या धानाची कापणी सुरू होती. स्वातंत्र्य मिळून पाच-सहा वर्षं झाली असतील. मुलगी झाली म्हणून कुणी नाक मुरडलं नाही, सगळ्यांना फक्त जगणारं लेकरू हवं होतं.

दुसऱ्या दिवशी तिला अंगावर घेतलं, आणि तोच टकटक आवाज आला. तिसऱ्या दिवशी नाकातून दूध. मी कुणाला सांगितलं नाही, पदरानं तिचं नाक पुसत राहिले. पण बाळंतिणीच्या खोलीत काय लपतं?

सहाव्या दिवशी भागाबाई आली. तिनं काशाच्या वाटीत माझं दूध पिळून घेतलं आणि त्यात दोन मुंग्या सोडल्या. मुंगी चालत काठावर आली तर दूध चांगलं, मेली तर विखारी, अशी ती पारख. दोघी-तिघी शेजारणी दारात उभ्या होत्या. मुंग्या थोड्या वळवळल्या आणि बुडाल्या.

"पाह्य, म्या मागंच सांगितलं होतं," भागाबाई आत्याबाईंना म्हणाली. "याच दुधानं पोरगा गेला. आता पोरीले शेळीचं दूध पाज, वातीनं."

मी म्हटलं, "पान्यात टाकली तरी मुंगी बुडतेच."

"तू नोको बोलू. बाळंतीण हाय तू," भागाबाईनं दटावलं.

त्या क्षणी मला काय झालं ते मला अजून नीट सांगता येत नाही. मी तिच्या हातातली वाटी घेतली, मुंग्या बोटानं काढून टाकल्या, आणि सगळ्यांसमोर ते दूध पिऊन टाकलं. कोमट होतं, गोडसर होतं. दारातल्या बायकांनी तोंडाला पदर लावला. एकजण देवाचं नाव घेत निघूनच गेली.

"विखारी असन त मी मरन," मी म्हटलं. "संध्याकारपरयंत पाहा."

संध्याकाळी मी भात-वरण खाल्लं आणि यमीला अंगावर घेतलं. तेवढ्यानं कुणाचं मत बदललं असं नाही. उलट सुनेचं डोकं फिरलं असं ठरलं. शेळीचं दूध सुरू झालंच. कापसाची वात दुधात बुडवून तोंडात पिळायची. त्यानंही ठसका, तेही नाकातून. मग मी आत्याबाईंना विचारलं, "शेळीचं बी विखारी हाय का?" त्या वात पिळत राहिल्या.

भारे बांधावर

बाराव्या दिवशी यमीचं रडणं बारीक झालं. मांजराच्या पिलासारखं. दिवसात एकच लंगोट ओला झाला. गोपाळचं रडणं असंच बारीक होत गेलं होतं. मी सांगितलं की मी हिला घेऊन गोंदियाला बायकांच्या दवाखान्यात जाते.

"सव्वा महिना झाला नाई अन् तू उंबरठा ओलांडून राहिली?" आत्याबाई म्हणाल्या. "अन् जाशीन कशानं? गाडी धानावर हाय."

"पायी जाईन टेसनावर."

"रस्त्यात पडशीन."

"पडली त उठीन."

माझे यजमान तेव्हा शेतात होते. हे बोलायला फार कमी. गोपाळ गेला तेव्हाही बोलले नव्हते, नुसते आठ दिवस जेवण अर्धं टाकून उठत. मी यमीला गोधडीत गुंडाळून अंगणाच्या बाहेर पडले. पांदणीत समोरून आमचीच बैलगाडी येत होती, धानाच्या भाऱ्यांनी भरलेली. ह्यांनी मला पाहिलं, हातातल्या गोधडीकडे पाहिलं.

"कुठं?"

"गोंदियाले. दवाखान्यात."

त्यांनी गाडी बांधाला लावली आणि एकेक भारा उतरवून बांधावरच रचला. मामाजी, म्हणजे माझे सासरे, लांबून ओरडत होते की धान भिजेल, ढोरं खातील. ह्यांनी सगळी गाडी रिकामी केली, खाली धानाचं थोडं तणस पसरलं, आणि म्हणाले, "बस."

ज्या बायका मला विचारतात की नवऱ्यानं साथ दिली का, त्यांना मी ही गोष्ट सांगते. हे प्रेमाचा एक शब्द बोलले नाहीत. धान बांधावर टाकलं.

बोट

छोट्या रेल्वेनं दुपारी गोंदियाला पोचलो. दवाखान्याच्या वऱ्हांड्यात वीस-पंचवीस बायका बसल्या होत्या. डॉक्टरीणबाई आत ऑपरेशनमध्ये होत्या. एक सिस्टर आली, सावळी, ठेंगणी, चाळिशीची. सगळे तिला शांति सिस्टर म्हणत. रायपूरकडची होती, हिंदीच बोलायची. मी घाईघाईनं सांगायला लागले की माझं दूध असं आहे, पहिला मुलगा असा गेला, मुंगी बुडाली. तिनं हात वर केला.

"वो सब बाद में. पहले दूध पिला. मुझे देखने दे."

तिनं स्टूल ओढलं आणि माझ्या गुडघ्याला गुडघा लावून बसली. मी यमीला अंगावर घेतलं. आधी सिस्टरनं यमीचं तोंड पाहिलं, मग गळा पाहिला, मग कान यमीच्या गळ्याशी नेला आणि ऐकत राहिली. यमीच्या मुठी आवळलेल्या होत्या, कपाळावर आठ्या होत्या. सिस्टरनं त्या मुठींनाही बोट लावून पाहिलं. आजवर सगळ्यांनी माझ्या छातीकडे पाहिलं होतं. लेकरू पितं कसं, हे पाहायला कुणी बसलं नव्हतं. मीसुद्धा नाही.

"खींचती है, पर आता नहीं," ती म्हणाली. "गटकने की आवाज़ ही नहीं है."

मग तिनं हात धुतले, बॅटरी आणली, यमीला खिडकीशी नेलं आणि करंगळीनं तोंड उघडून आत पाहिलं. लगेच तिचा चेहरा बदलला. वाईट बातमीचा नव्हता तो चेहरा. हरवलेली वस्तू सापडल्यावर होतो तसा होता.

"तालू फटा है."

हे पुढं झाले आणि यमीच्या डोक्यावरचं टोपडं मागं सारून पाहायला लागले. आमच्याकडे डोक्यावरची मऊ जागाही टाळू आणि तोंडाच्या आतलं छतही टाळू. सिस्टर म्हणाली, "वहाँ नहीं भैया, अंदर." मग माझ्याकडे वळली. "जा, साबुन से हाथ धो के आ."

मी धुऊन आले. तिनं माझी करंगळी धरली आणि यमीच्या तोंडात घातली. पुढं हिरडी लागली, मग कडक छत लागलं, आणि मग काहीच लागलं नाही. बोट वर गेलं. जिथं छत असायला हवं तिथं पोकळी होती. यमी माझं बोट ओढायचा प्रयत्न करत होती आणि तिच्या ओढण्याला जोरच नव्हता.

"छेद में से हवा जाती है," सिस्टर म्हणाली. "फटी पिचकारी से पानी खींचेगी तो खिंचेगा? तेरा दूध अच्छा है. बहुत अच्छा है."

मी तिथंच वऱ्हांड्यात रडायला लागले. लेकराच्या तोंडात भोक आहे हे कळल्यावर कुणी असं रडत नसेल. मला सुटल्यासारखं झालं होतं. थोड्या वेळानं मी विचारलं, "गोपाळचीही टाळू अशीच होती का?"

तिनं यमीला माझ्या मांडीवर ठेवलं. "मैंने उसको देखा नहीं, कौसल्या. कैसे बोलूँ?"

खोटा दिलासा दिला नाही तिनं. त्या वेळी मला राग आला. आज वाटतं, याच एका वाक्यामुळं मी पुढं तिचं सगळं ऐकलं.

डॉक्टरीणबाई संध्याकाळी आल्या. त्यांनी तपासलं आणि सरळ सांगितलं. ही शिवता येते, पण आता नाही. दीड वर्षाची झाली, अंगानं भरली, तर नागपूरच्या मोठ्या दवाखान्यात शिवतील. बहुतेक अशी मुलं तोवर राहत नाहीत, कारण पोटात दूध जात नाही. "तोवर जगवणं तुमच्या हातात आहे," असं म्हणून त्या पुढच्या खाटेकडे गेल्या.

ह्यांनी मला विचारलं, "होईन का तुझ्यानं?"

मी म्हटलं, "न होऊन काय करते?"

खाट नंबर नऊ

त्या रात्री हे गावी परतले आणि मी नऊ नंबरच्या खाटेवर राहिले. सव्वीस दिवस राहिले.

पहिलं काम, दूध हातानं काढायचं. सिस्टरनं स्वतः शिकवलं. आधी गरम पाण्याचा फडका, मग मागून पुढं चोळायचं, मग अंगठा आणि बोटं मागं दाबून पुढं आणायची. पहिल्या दिवशी वाटीचा तळही झाकला नाही, छाती इतकी ठणकत होती. चौथ्या दिवशी धार लागली. काढलं नाही तर दूध आटतं, म्हणून लेकरू निजलेलं असो की जागं, वेळ झाली की काढायचं.

दुसरं काम, पाजायचं. एक छोटं चपटं पितळी भांडं होतं, त्याला चोचीसारखी लांब पन्हळ होती. शेजारच्या खाटेवर पुण्याकडची एक बाळंतीण होती, तिनं त्याला बोंडलं म्हटलं. मीही तेच नाव धरलं. ते दर वेळी उकळायचं. यमीला आडवी नाही, उभी बसवल्यासारखी धरायची, मान माझ्या हातावर. बोंडल्याची चोच खालच्या ओठावर टेकवायची, गालाच्या आतल्या बाजूला दोन-चार थेंब सोडायचे, आणि थांबायचं. ती गिळेपर्यंत थांबायचं.

हे थांबणं मला जमेना. पहिल्या दिवशी मी ओतलं. ठसका लागला, तोंड निळं पडलं, हात ताठ झाले. सिस्टरनं तिला हातावर पालथी घेतली, पाठीवर थाप दिली, दूध बाहेर आलं आणि ती रडली. मी पुढची वेळ आली तरी बोंडलं हातात घेईना.

"तू पिलाती क्यों है?" सिस्टर म्हणाली. "उसे पीने दे. तू सिर्फ कटोरी पकड़. मालिक वो है."

मग तिनं दाखवलं. यमीनं जीभ पुढं काढली की तिला हवं आहे. कपाळावर आठी आली, डोळे मोठे झाले, की थांबायचं. श्वास भरभर झाला की थांबायचं. मुठी सुटल्या, बोटं पसरली, की पोट भरत आलं. अर्ध्या तासापेक्षा जास्त नाही, कारण मग पिण्याच्या कष्टातच पिलेलं सगळं खर्च होतं. मध्ये दोनदा ढेकर काढायचा, तिच्या पोटात हवाच जास्त जायची. नाकातून थोडं आलं तर घाबरायचं नाही, पुसायचं आणि पुढं जायचं.

दिवसात किती लंगोट ओले झाले ते मी खाटेच्या दांडीला चिंध्यांच्या गाठी मारून मोजायची. पहिल्या दिवशी तीन गाठी. आठव्या दिवशी सात.

दर सोमवारी आणि गुरुवारी वजन. तोच काटा, तीच फडकी, पाजण्याच्या आधी. पहिल्या गुरुवारी वजन वाढलं नाही. खाट नंबर सहाची बाई हळूच म्हणाली, "बाई, ऐसे बच्चे भगवान के होते हैं. छोड़ दे." ती वाईट नव्हती. तिनंच मला दोनदा चहा आणून दिला होता. पण मी तिला म्हटलं, "भगवान को चाहिए तो वो खुद आके दूध पिलाए." तिनं परत चहा आणला नाही.

दुसऱ्या सोमवारी काटा सरकला. चार औंस. सिस्टरनं मला काटा दाखवला आणि लगेच दुसऱ्या लेकराला उचललं, जसं काही ती रोजचीच गोष्ट होती. मी त्या दिवशी पहिल्यांदा पोटभर जेवले.

आत्याबाई

दवाखान्यातल्या अठराव्या दिवशी आत्याबाई आल्या. सोबत हे होते, पण ते दाराशीच थांबले. आत्याबाई मला न्यायला आल्या होत्या.

"घर उघडं पडलं," त्या म्हणाल्या. "लोक विचारतेत, सून कुठं गेली. चाल आता. हिचं जे होईन ते घरी होईन. तू जवान हाय, दुसरं होईन."

"दुसरं बी असंच झालं त?"

"असं नोको बोलू."

"का नोको? गोपाळ झाला, यमी झाली. तिसऱ्यालेही घरी नेऊन मारू का?"

सगळ्या वॉर्डानं मान वळवली. मी सासूशी असं कधी बोलले नव्हते. तेवढ्यात यमी उठली आणि तिची पिण्याची वेळ झाली होती. मी हात धुतले, बोंडलं घेतलं, आणि त्यांच्याकडे लक्ष न देता पाजायला लागले. थेंब, थांबणं, गिळणं. थेंब, थांबणं, गिळणं. आत्याबाई उभ्या राहून पाहत होत्या. यमीनं सगळं बोंडलं संपवलं. मुठी सुटल्या. ती झोपली.

"हात धुवा," मी त्यांना म्हटलं.

"कायले?"

"धुवा त."

त्या धुऊन आल्या. मी यमीचं तोंड हलकेच उघडलं आणि त्यांची करंगळी आत नेली. बोट वर गेलं तेव्हा त्यांनी दचकून माझ्याकडे पाहिलं. पण बोट लगेच काढलं नाही.

"गोपाळच्या तोंडात मी बोट घातलंच नाई," त्या म्हणाल्या. "माझ्या मांडीवर होता. सारा दिवस होता. डोक्यालेच तेल लावत बसली."

मी त्यांना 'जाऊ द्या' म्हटलं नाही. मला म्हणवत नव्हतं, आणि खोटं बोलायची ताकदही नव्हती. पण त्यांच्यासाठी खाटेवर जागा केली. त्या दिवशी पुढच्या वेळचं दूध त्यांनी पाजलं. त्यांचा हात माझ्याहून स्थिर होता. त्या थांबू शकत होत्या. संध्याकाळी निघताना ह्यांना म्हणाल्या, "हिले राहू दे. पोरगी बरी झाल्यावर नेऊ."

गावात

सव्विसाव्या दिवशी घरी आलो. आता गावातल्या सगळ्या बायका यमीला पाहायला येऊ लागल्या. जत्रेत दोन डोक्यांचं वासरू पाहावं तशा. कुणी म्हणे, ग्रहणात काही चिरलं असशील. कुणी म्हणे, मागच्या जन्माचं. मी सुरुवातीला प्रत्येकीला समजावत होते, नंतर सोडून दिलं. त्याऐवजी मी ओट्यावर, सगळ्यांच्या देखत, दर वेळेला यमीला पाजू लागले. नाकातून दूध आलं की पुसायचं आणि पुढं जायचं. ज्याला पाहायचं त्यानं पाहावं.

माझ्या चुलत जावेच्या घरी लग्न निघालं. निरोप आला, सुनेनं यावं, लेकरू घरी ठेवावं, पंगतीत बरं दिसत नाही. आत्याबाईंनी निरोप आणणाऱ्या बाईला विचारलं, "तुमच्या पंगतीत कोनाच्या नाकातून काही येत नाई का?" आम्ही दोघी लग्नाला गेलोच नाही. तीन दिवस जाऊबाई आमच्याशी बोलल्या नाहीत, नंतर स्वतःच भाजी घेऊन आल्या.

सगळंच जमलं असं नाही. दोनदा यमीचा कान वाहिला, तापानं फणफणली. एकदा सर्दीत चार दिवस ती काहीच नीट पिईना आणि मी पुन्हा गोंदियाला धावले. दूध काढून काढून माझे हात सुजले. एकदा मी चिडून बोंडलं भिंतीवर फेकलं. त्याची चोच वाकली. ह्यांनी ती दगडावर ठोकून सरळ केली. सहाव्या महिन्यापासून मऊ भात कुस्करून चमच्यानं सुरू केला, बसवून, थोडा थोडा. तो दुधापेक्षा बरा जायचा.

दीड वर्षाची झाली तेव्हा आम्ही तिला नागपूरला नेलं. ऑपरेशनच्या सकाळी तिला काही खायला-प्यायला द्यायचं नव्हतं. दीड वर्ष मी जिला पाजायला झटले, ती दुधासाठी रडत होती आणि मी तिला देऊ शकत नव्हते. तिला आत नेईपर्यंतचे ते तीन तास मला सव्वीस दिवसांपेक्षा लांब वाटले. तिनं तोंडात हात घालू नये म्हणून नंतर कोपरांना पुठ्ठे बांधले होते. ती पंख बांधलेल्या कोंबडीसारखी हात पसरून चालायची.

पहिल्यांदा तिनं वाटीनं दूध घेतलं तेव्हा हे, आत्याबाई आणि मी, आम्ही तिघं तिच्या नाकाकडे पाहत होतो. नाक कोरडं राहिलं. तिनं वाटी रिकामी केली आणि आणखी मागितलं.

ज्यांच्या घरी असं लेकरू आहे त्यांना

लेकरू पीत नसेल तर आधी आईकडे बोट दाखवू नका. लेकरू पिताना पाहा. गिळतं का ऐका. दिवसात किती लंगोट ओले होतात मोजा. हात धुऊन तोंडात पाहा, उजेडात, अगदी मागपर्यंत. ओठ नीट असला तरी आतली टाळू फाटलेली असू शकते. दूध नाकातून येत असेल, रडणं बारीक होत असेल, तर एकही दिवस घालवू नका. दवाखान्यात जा. सव्वा महिना नंतरही पाळता येतो. तिथं गेल्यावर, पाजताना शेजारी बसून पाहणारं माणूस मागा. आणि आईला जेवू द्या.

माझ्याकडे आतापर्यंत सहा-सात जणी आल्या. त्यांतल्या दोघींच्याच लेकरांची टाळू फाटलेली होती. बाकीच्यांना नुसतं नीट धरायला शिकवावं लागलं. एकीचं लेकरू राहिलं नाही. उशीर झाला होता. ती अजून माझ्याकडे येते आणि आम्ही गोपाळबद्दल आणि तिच्या लेकराबद्दल बोलतो. ते बोलणंही कुणीतरी करायला हवं.

यमी

यमी आता सात वर्षांची आहे. टाळू शिवली, पण बोलणं थोडं नाकातच राहिलं. ब म्हणायला गेली की म होतो. त्याला आता इलाज नाही असं नाही, पण नागपूरचे डॉक्टर म्हणाले, वेळ लागेल, रोज बोलत राहू द्या. तिला ते सांगावं लागत नाही. ती दिवसभर बोलते.

या वर्षी शाळा तपासायला साहेब आले. मास्तरांनी हुशार मुलं पुढं बसवली होती आणि यमीला मागं, खांबाआड. आत्याबाई आणि मी इतर बायकांबरोबर बाहेर वऱ्हांड्यात होतो. साहेबांनी विचारलं, बाराचा पाढा कोण म्हणेल. मास्तर पुढच्या मुलाचं नाव घेणार तोच खांबाआडून यमी उठली.

"मारा एके मारा," ती मोठ्यानं म्हणाली.

सगळा वर्ग हसला. साहेबही हसले, त्यांना वाटलं मुलीनं गंमत केली. मास्तर तिला बसायची खूण करत होते. मी आत जायला निघाले, पण आत्याबाईंनी माझा हात धरला. "थांब," त्या म्हणाल्या.

यमी बसली नाही. हात पाठीमागे बांधून ती हसणाऱ्यांकडे पाहत उभी राहिली, हसणं पार संपेपर्यंत. मग तिनं पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं आणि मारा दाहे एकशे वीसपर्यंत एकदाही न अडखळता गेली.